एलिंग्टन अ‍ॅट न्यूपोर्ट: कुठलं व्हर्जन ऐकायचं आणि कान कुठे ठेवायचा

प्रश्न असा आलाय: वडिलांच्या जुन्या रेकॉर्ड्समध्ये ड्यूक एलिंग्टन या अमेरिकन जॅझ बँडप्रमुखाची न्यूपोर्ट फेस्टिव्हल १९५६ ची एलपी सापडली, तोच अल्बम ऑनलाइन लावला तर दुप्पट लांब निघाला, वाजवणं वेगळं, टाळ्यासुद्धा वेगळ्या, मग यातला खरा कुठला? आणि सगळे ज्या सॅक्सोफोन सोलोबद्दल बोलतात तो एलपीवर धड ऐकूच येत नाही, तर जॅझची फार सवय नसलेल्या माणसाने यात नेमकं ऐकायचं काय?

आधी सरळ उत्तर देतो. सोलो ऐकू येत नाही यात तुमच्या कानाचाही दोष नाही आणि प्लेअरच्या सुईचाही नाही, वाजवणारा माणूस त्या रात्री दुसऱ्याच माइकसमोर उभा होता. टाळ्या वेगळ्या वाटतात कारण एलपीवरच्या बऱ्याचशा भागातल्या टाळ्या नंतर चिकटवलेल्या आहेत, ते वाजवणं न्यूपोर्टचं नाहीच, दोन दिवसांनी स्टुडिओत केलेलं आहे. १९९९ मध्ये दोन सीडींचा 'कम्प्लीट' सेट निघाला, ऑनलाइन तुम्हाला मिळालं ते बहुतेक तेच, आणि ऐकायचं असेल तर तेच ऐका. एलपी मात्र टाकू नका, का ते पुढे येईलच.

माझं काम लाइव्ह रेकॉर्डिंगचं आहे. नाट्यगृहातल्या मैफिली, उघड्या मैदानावरचे कार्यक्रम, आणि संधी मिळेल तेव्हा ब्रास, म्हणजे ट्रम्पेट-ट्रॉम्बोनसारखी पितळी वाद्यं, असलेले मोठे वाद्यवृंद, हे बरीच वर्षं करतोय, त्यामुळे हा अल्बम मी पहिल्यांदा माइकवाल्याच्या कानाने ऐकतो आणि मग श्रोत्याच्या. आणि माझं स्पष्ट मत आहे की लाइव्ह बिग बँड, म्हणजे पंधरा-सोळा वादकांचा जॅझ वाद्यवृंद, काय असतो हे समजून घ्यायला याच्याइतकं चांगलं उदाहरण दुसरं नाही, कारण एकाच बँडचं एकाच आठवड्यातलं खरं लाइव्ह आणि बनवलेलं लाइव्ह असं दोन्ही समोरासमोर ठेवून ऐकता येतं. अशी सोय फार क्वचित मिळते.

थोडी पार्श्वभूमी सांगतो, नाहीतर त्या रात्री लोक एवढे का पेटले ते कळणार नाही. १९५६ मध्ये एलिंग्टन ५७ वर्षांचा होता. तीस आणि चाळीसच्या दशकात ज्या मोठ्या बँड्सवर अमेरिका नाचली ते युद्धानंतर एकेक करून बंद पडत गेले, पंधरा-सोळा माणसांचे पगार, बसचा खर्च, हॉटेलं, हे परवडेना, काउंट बेसीसारख्या नावाजलेल्या बँडवाल्यालासुद्धा १९५० मध्ये बँड मोडून छोटा ग्रुप करावा लागला होता. एलिंग्टनने मात्र बँड मोडला नाही, स्वतःच्या गाण्यांच्या रॉयल्टीतून तो माणसं सांभाळत राहिला. १९५१ मध्ये जॉनी हॉजेस, म्हणजे त्याचा अल्टो सॅक्सोफोनचा हुकमी एक्का, आणखी दोन जुन्या माणसांना घेऊन बाहेर पडला, तो परत आला १९५५ मध्ये. त्याच वर्षी उन्हाळ्यात हा बँड न्यूयॉर्कजवळ पाण्यावरच्या एका शोमध्ये साथीला बसत होता, इतकी वेळ आलेली. पण त्याच वर्षी ड्रमर सॅम वुडयार्ड आणि बास वाजवणारा जिमी वूड हे दोघे नवीन आले, आणि हे दोघे लक्षात ठेवा कारण माझ्या मते या अल्बमचे खरे मालक तेच आहेत.

आता ती रात्र. ७ जुलै १९५६, ऱ्होड आयलंडमधलं न्यूपोर्ट, फ्रीबॉडी पार्क नावाचं मैदान. फेस्टिव्हल १९५४ पासून जॉर्ज वाइन चालवत होता. एलिंग्टनचा बँड संध्याकाळी आधी एकदा स्टेजवर आला तर काही वादक जागेवरच नव्हते, तरी राष्ट्रगीत आणि दोन आयटम वाजवले आणि उतरले. मग थांबले, जवळजवळ तीन तास. बाकीचे सगळे वाजवून गेले आणि यांचा नंबर परत लागला तेव्हा मध्यरात्र व्हायला आलेली, लोक खुर्च्यांवरून उठून निघायला लागलेले. ज्यांनी कुठल्याही फेस्टिव्हलला शेवटचा स्लॉट बघितलाय त्यांना माहितीये हा काय प्रकार असतो, वादक थकलेले, साउंडवाले थकलेले, पब्लिकचं अर्धं लक्ष शेवटच्या गाडीकडे.

आणि अशा वेळी 'टेक द ए ट्रेन' ही ओळखीची धून झाल्यावर लगेच काय काढलं तर एकदम नवी रचना, 'न्यूपोर्ट जॅझ फेस्टिव्हल सूट', तीन भागांची, एलिंग्टन आणि त्याचा सहकारी संगीतकार बिली स्ट्रेहॉर्न या दोघांनी मिळून खास या फेस्टिव्हलसाठी लिहिलेली. तालीम जेमतेम झालेली. १९९९ च्या सेटवर हे नीट ऐकू येतं, कुठे एखादी एंट्री अर्धवट येते, कुठे सेक्शन, म्हणजे एका जातीच्या वाद्यांचे गट, एकमेकांकडे बघतायत असं वाटतं. मी याला वाईट म्हणणार नाही. पहिला भाग, 'फेस्टिव्हल जंक्शन', जिमी हॅमिल्टनच्या क्लॅरिनेटने उघडतो आणि मग एकामागून एक माणूस उभा राहून आपला सोलो घेतो, त्यात सावधपणा आहे, पण जिवंतपणाही आहे. नव्या रचनेवर एवढे कसलेले लोक पाय टेकवायला जागा शोधतायत हे ऐकायला मिळणं मला तरी मोलाचं वाटतं.

मग दोन ओळखीचे आयटम, आणि मग तो तुकडा, 'डिमिन्युएंडो अँड क्रेसेंडो इन ब्लू'. हा नवा नव्हता. १९३७ चा, त्या वेळी ७८ आरपीएमच्या तबकडीच्या दोन बाजूंवर दोन तुकडे करून आलेला. पहिल्या भागात बँड पूर्ण जोरात सुरू होऊन हळूहळू विरत जातो, दुसऱ्या भागात अगदी खालून सुरू होऊन चढत जातो. मधली जागा जोडायची कशी हा प्रश्न एलिंग्टनने टेनर सॅक्सोफोनवाल्याकडे सोपवून सोडवला, म्हणजे पॉल गोन्साल्विसने मध्ये ब्लूजचा सोलो घ्यायचा, वाटेल तेवढा. हे त्या रात्री पहिल्यांदा केलं असं नाही, आधीही हे करून झालं होतं. पण त्या रात्री गोन्साल्विस २७ कोरस वाजवत राहिला.

कोरस म्हणजे काय ते आपल्याकडच्या माणसाला आवर्तनाने चटकन समजेल. ब्लूज १२ बारचा, प्रत्येक बारमध्ये चार मात्रा, म्हणजे ४८ मात्रांचं एक आवर्तन, आणि दर वेळी फिरून समेवर यायचं. फरक एवढा की इथे आवर्तनाच्या आत कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे सूर, ठरलेल्या जागी बदलतात, त्यामुळे नुसती लय मोजत न बसता सुरांवरूनही कळतं की आपण आवर्तनात कुठे आहोत. पाचव्या बारला जमीन सरकल्यासारखी होते, नवव्याला परत फिरायची चाहूल लागते, बाराव्याला दार उघडतं. असे २७ फेरे, ३२४ बार, सहा मिनिटांच्या वर, त्याच्या पाठीमागे फक्त पियानो, बास आणि ड्रम्स. बाकीचा अख्खा ब्रास आणि सॅक्सोफोन सेक्शन गप्प बसून ऐकतोय, म्हणजे गप्प नाही, ओरडतायत, पण वाजवत नाहीयेत.

इथे लोक चुकतात ते असं की सोलो प्रसिद्ध आहे म्हणजे त्यात काहीतरी अचाट कसरत असणार असं धरून ऐकायला बसतात आणि मग हिरमुसतात. कसरत नाहीये. गोन्साल्विस वरच्या पट्टीत जाऊन किंचाळत नाही, अवघड हार्मनी दाखवत नाही, खरं तर तो हार्मनीच्या बाबतीत फार पुढचा विचार करणारा वादक होता, बाकीच्या रेकॉर्डिंगमध्ये ते दिसतं, इथे त्याने ते मुद्दाम बाजूला ठेवलंय. छोटे छोटे तुकडे घेतो, तेच थोडे बदलून परत आणतो, वाक्य कोरसच्या हद्दीवर तोडत नाही तर पुढच्या कोरसमध्ये सांडू देतो, म्हणजे ऐकणाऱ्याला टाळी वाजवून मोकळं व्हायला जागाच मिळत नाही. ताण साठत जातो तो यामुळे. सातव्या कोरसच्या आसपास समोरच्या बॉक्समधली काळ्या ड्रेसमधली एक सोनेरी केसांची बाई उठून नाचायला लागली आणि तिथून पब्लिक सुटलं, हे त्याच वेळी हजर असलेल्या कोलंबिया रेकॉर्ड्स या कंपनीच्या प्रोड्यूसरने, जॉर्ज अवाकियनने, अल्बमच्या पाठीवर लिहून ठेवलंय. स्टेजच्या कडेला बेसीचा जुना ड्रमर जो जोन्स बसलेला, तो गुंडाळलेलं वर्तमानपत्र आपटून ताल देत होता, तेही त्यातच आहे. सात हजारांच्या घरात लोक, जे निघाले होते ते परत वळले.

आता माइकची गोष्ट, माझ्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाची. त्या स्टेजवर दोन वेगवेगळ्या पार्ट्या रेकॉर्ड करत होत्या. एक कोलंबिया रेकॉर्ड्स, अल्बमसाठी, आणि दुसरी व्हॉइस ऑफ अमेरिका, म्हणजे अमेरिकन सरकारचं परदेशी ऐकवायचं रेडिओ स्टेशन. दोघांचे माइक वेगळे, टेप मशिन वेगळी. गोन्साल्विस सोलोसाठी पुढे आला आणि व्हॉइस ऑफ अमेरिकाच्या माइकवर जाऊन वाजवायला लागला. कोलंबियाच्या टेपवर तो लांबून, आडून ऐकू येतो. माइकपासून अंतर दुप्पट झालं की आवाज ६ डेसिबलने पडतो, हे उघड्या मैदानाला लागू पडणारं साधं गणित, पण आवाज पडणं ही अर्धीच गोष्ट आहे. उरलेली अर्धी अशी की जवळ असणाऱ्या बाकीच्या वस्तू तेवढ्याच जोरात राहतात. ड्रम्स तेवढेच, पब्लिक तेवढंच, आणि सॅक्सोफोनचा दाणा, म्हणजे जिभेचा रीडवरचा, तोंडाशी असलेल्या पातीवरचा, आघात, श्वासाची खरखर, खालच्या सुरांचं घट्टपण, हे सगळं आधी जातं आणि नुसती बाह्यरेषा उरते. नंतर फेडर, म्हणजे आवाज वाढवायची पट्टी, वर करून काही होत नाही, फेडर वर केला की ड्रम्स आणि पब्लिकही वर येतात. तेव्हा मल्टिट्रॅक, म्हणजे प्रत्येक माइक वेगळा रेकॉर्ड करायची सोय, नव्हता, जे मिक्स झालं ते तिथल्या तिथे मोनो टेपवर, संपला विषय. आज अशा बँडला मी तीस-एक माइक लावीन, प्रत्येकाचा वेगळा ट्रॅक घेईन आणि तरीसुद्धा सोलोला पुढे येणारा माणूस कुठल्या माइकवर जाईल ही धाकधूक मला दर वेळी असते.

म्हणून तुमच्या एलपीवर तो सोलो खराच न्यूपोर्टचा आहे, फक्त लांबून ऐकलेला. आणि गंमत बघा, एवढा लांबचा असूनसुद्धा त्या एलपीने एलिंग्टनच्या आयुष्यातली सगळ्यात जास्त विकली गेलेली रेकॉर्ड व्हायचा मान मिळवला. म्हणजे लोकांनी विकत घेतली ती सॅक्सोफोनच्या आवाजासाठी नाही, त्या रेकॉर्डमध्ये माणसं काहीतरी घडताना बघतायत हे जे ऐकू येतं त्यासाठी.

एलपीच्या बाकीच्या भागाचं काय झालं ते असं. सूट नवा होता, कच्चा गेला होता, एलिंग्टनला आणि अवाकियनला तो तसाच बाहेर जाऊ द्यायचा नव्हता. शनिवारी रात्री कॉन्सर्ट झाली, सोमवारी ९ जुलैला बँड स्टुडिओत बसला, सूट परत वाजवला, हॉजेसचा 'जीप्स ब्लूज'सुद्धा परत केला, आणि त्यावर टाळ्या, गलका आणि निवेदन चढवून एलपी तयार केली. त्यातला काही भाग खरा, बराचसा स्टुडिओचा. त्या काळात असं सर्रास चालायचं, आजही चालतं, नावाजलेल्या लाइव्ह अल्बम्समध्ये नंतर गायलेल्या ओळी आणि नंतर वाजवलेले पीस असतात, आमच्या धंद्यात कुणाला यात नवल वाटत नाही.

मला त्याचा राग नाही पण एक मुद्दा आहे तो मांडतो. स्टुडिओतला सूट जास्त चांगला वाजवलाय, हे मी मोकळेपणाने म्हणतो, सेक्शन घट्ट, एंट्री स्वच्छ, बॅलन्स उत्तम. तरी तो कानाला लाइव्ह म्हणून पटत नाही, आणि का पटत नाही हे शोधणं हाच कानाचा खरा रियाज आहे. खऱ्या लाइव्हमध्ये वाजवणारे आणि ऐकणारे एकमेकांना ढकलत असतात. पब्लिकचा आवाज वाक्यानंतर किंचित उशिरा येतो, एखाद्या ठिकाणाहून सुरू होऊन पसरतो, आणि मग ड्रमर त्याला उत्तर देतो, पुढचा फटका थोडा जास्त जोरात पडतो. चिकटवलेल्या टाळ्यांना ड्रमर उत्तर देत नाही कारण त्याला त्या ऐकूच आलेल्या नसतात. टाळ्या वर जातात, खाली येतात, पण बँड आपल्या लयीत आपलं वाजवत राहतो. दुसरी खूण हवेची. मैदानात भिंती नसतात, ब्रासचा आवाज सुटला की गेला, परत येत नाही, स्टुडिओत मात्र खोलीचा शेवट ऐकू येतो. तुमच्या एलपीची पहिली बाजू ऐका, मग बाजू बदलून 'डिमिन्युएंडो' लावा, हवा बदललेली लगेच जाणवेल. म्हणूनच एलपी टाकू नका म्हटलं, कान तयार करायला ती उत्तम आहे.

व्हॉइस ऑफ अमेरिकाच्या टेपचा पत्ता कित्येक वर्षं कुणालाच नव्हता. १९९६ मध्ये ती वॉशिंग्टनला लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये सापडली, आणि मग फिल शाप नावाच्या माणसाने, न्यूयॉर्कचा रेडिओवाला आणि जॅझचा जबरदस्त अभ्यासक, दोन्ही टेप एकत्र केल्या. दोन मोनो टेप, दोन वेगळ्या माइकच्या, एक एका कानात आणि दुसरी दुसऱ्या कानात, म्हणजे अपघाताने स्टीरिओ. ऐकायला सोपं वाटतं पण दोन वेगळ्या टेप मशिनचा वेग कधीही तंतोतंत एक नसतो. समजा फरक फक्त ०.१ टक्का आहे, तर साडेचौदा मिनिटांच्या एका पीसमध्ये शेवटी पाऊण सेकंदाहून जास्त फरक पडतो, आणि कानाला तीसेक मिलिसेकंदाच्या पुढे एकाचे दोन आवाज ऐकू यायला लागतात. म्हणजे सुरुवात जुळवून चालत नाही, तुकड्या-तुकड्याने वेग जुळवत न्यावा लागतो. हे काम ज्याने केलंय त्याच्याबद्दल मला मनापासून आदर आहे. त्यामुळे गोन्साल्विस पहिल्यांदा समोर येऊन उभा राहिला, त्रेचाळीस वर्षांनी. त्याच सेटमध्ये सोमवारचे स्टुडिओ ट्रॅकही वेगळे दिलेत, म्हणजे लपवाछपवी काहीच नाही.

आता कान कुठे ठेवायचा. पहिल्यांदा ऐकताना सॅक्सोफोन सोडून द्या. खरंच सांगतो. हेडफोन लावा आणि सहा मिनिटं फक्त बास ऐका. जिमी वूड एकही मात्रा न सोडता चालत राहतो, चार-चार-चार, २७ आवर्तनं, मध्ये विश्रांती नाही, बोटांची काय हालत होते ते बासवाल्याला विचारा. वेग कमी होत नाही, वाढतही नाही, फक्त दाब वाढतो. मग दुसऱ्यांदा वुडयार्ड ऐका. त्याचा दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवरचा फटका हा जॅझच्या नाजूक सिंबलवाल्या चालीपेक्षा खूप जड आहे, १९५६ साल लक्षात घ्या, रेडिओवर रॉक अँड रोल सुरू झालेलं, तरुण पोरांच्या पायात तोच फटका बसलेला, आणि इथे पन्नाशी उलटलेल्या माणसाचा बँड तोच फटका घेऊन १९३७ ची रचना वाजवतोय. पब्लिक जे पेटलं त्यात या फटक्याचा मोठा वाटा आहे असं माझं मत आहे. तिसऱ्यांदा एलिंग्टनचा पियानो ऐका, तो सतत वाजवत नाही, मध्येच दोन कॉर्ड टाकतो, मध्येच पूर्ण हात काढून घेतो म्हणजे बास-ड्रम्स उघडे पडतात, आणि ओरडून गोन्साल्विसला पुढे ढकलतो, ते ओरडणं स्पष्ट ऐकू येतं. चौथ्यांदा मग गोन्साल्विस. तोपर्यंत तुम्हाला कळलेलं असेल की तो कशावर उभा आहे.

आणि सोलो संपल्यावर थांबू नका, लोक तिथेच थांबतात. एलिंग्टन पियानोवर थोडा श्वास घेतो आणि मग 'क्रेसेंडो' सुरू होतं, आतापर्यंत नुसते बसलेले लोक वाजवायला लागतात, खालून, दबलेल्या आवाजात, आणि सेक्शनवर सेक्शन चढत जातो, शेवटी कॅट अँडरसनचा ट्रम्पेट सगळ्यांच्या डोक्यावरून जातो, इतक्या वर की माइक तो धरू शकतो याचंच आश्चर्य वाटतं. बिग बँडचा सगळा अर्थ या शेवटच्या दोन-अडीच मिनिटांत आहे. चार ट्रम्पेट, तीन ट्रॉम्बोन, पाच सॅक्सोफोन, ही माणसं एकत्र वाजवतात तेव्हा जो आवाज होतो तो कुठल्याही एका वाद्याचा नसतो, तळाशी हॅरी कार्नीचा बॅरिटोन सॅक्सोफोन असतो म्हणून वरचा ट्रम्पेट तेवढा वर जाऊ शकतो. रेकॉर्डिंगवाल्याने कार्नी हरवला तर अख्खा बँड पातळ होतो. मी कुठलाही मोठा ब्रास बॅलन्स करताना आधी सगळ्यात खालचं वाद्य बसवतो, ते याच रेकॉर्ड्स ऐकून शिकलो.

त्यानंतरचा गोंधळही कम्प्लीट सेटवर जसाच्या तसा आहे. वाइनला भीती वाटायला लागली की आता दंगल होणार, कार्यक्रम थांबवायचा होता, एलिंग्टनने हॉजेसला पुढे काढलं आणि दोन शांत आयटममध्ये लोकांना परत खाली आणलं. हॉजेसचा तो पहिला सूर, खालून ओढत वर नेलेला, मींड म्हणा हवं तर, एवढ्या आरड्याओरड्यानंतर ऐकणं हा वेगळाच अनुभव आहे. मग पुन्हा थोडी मजा, पुन्हा एलिंग्टन लोकांना समजावतोय, मग ड्रम्सचा लांबलचक आयटम आणि शेवटी 'मूड इंडिगो'. हे सगळं एलपीवर नव्हतंच. २० ऑगस्टला 'टाइम' मासिकाच्या कव्हरवर एलिंग्टन आला, बँडचे वाईट दिवस संपले.

एक आपल्याकडचा धागा आहे तो सांगतो. गोन्साल्विस हे आडनाव वाचून आपल्याला गोवा आठवतो आणि ते अगदीच अस्थानी नाही. पॉल गोन्साल्विसच्या घरचे लोक केप व्हर्देचे, आफ्रिकेजवळची पोर्तुगीजांच्या ताब्यातली बेटं, आणि तो वाढला ऱ्होड आयलंडमध्येच, म्हणजे न्यूपोर्ट त्याच्यासाठी घरचंच मैदान. पोर्तुगीजांच्याच राज्यातून गोव्याची मंडळी चर्चच्या शाळांत स्टाफ नोटेशन, म्हणजे पाश्चात्त्य स्वरलिपी, शिकून मुंबईत आली, ताजमहाल हॉटेलच्या बॉलरूममध्ये जॅझ वाजवला आणि दिवसा हिंदी सिनेमाच्या स्टुडिओत बसली. चिक चॉकलेट, म्हणजे आंतोनियो झेवियर वाझ, ट्रम्पेटवाला, सी. रामचंद्र म्हणजे आपल्या अण्णांचा सहायक होता आणि १९५१ च्या 'अलबेला'मध्ये स्वतःच्या बँडसकट पडद्यावर दिसतो. ज्यांना वाटतं की ब्रासचा आवाज आपल्या कानाला परका आहे त्यांनी तो सिनेमा लावावा, ट्रम्पेटने विचारायचं आणि सॅक्सोफोन सेक्शनने उत्तर द्यायचं हा सगळा व्यवहार आपण लहानपणापासून ऐकत आलोय. आणि १९६३ मध्ये एलिंग्टनचा बँड, गोन्साल्विससकट, अमेरिकन सरकारच्या दौऱ्यावर भारतात आला, दिल्ली, हैदराबाद, बंगलोर, मद्रास, मुंबई, कलकत्ता. त्या दौऱ्यावरून पुढे जो सूट झाला त्यात आग्र्यावर एक तुकडा आहे आणि दिल्लीतल्या मैनेवर एक.

शेवटचं, यानंतर काय ऐकायचं असं विचाराल म्हणून. क्लॅरिनेटवाला बँडप्रमुख बेनी गुडमनची न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलची १६ जानेवारी १९३८ ची कॉन्सर्ट ऐका, स्टेजवर टांगलेल्या एका माइकवर अख्खा बँड मावलाय, बाहेर आली १९५० मध्ये. थॅड जोन्स आणि मेल लुइसचा १९६७ चा व्हिलेज व्हॅनगार्डमधला अल्बम ऐका, न्यूयॉर्कमधलं तळघर, जेमतेम सव्वाशे माणसं बसतील एवढी जागा आणि त्यात पूर्ण बिग बँड, न्यूपोर्टच्या मैदानाच्या अगदी उलट, ब्रास भिंतीवर आदळून परत तुमच्या अंगावर येतो. पण एकच निवडायचा असेल तर एलिंग्टनचाच फार्गोचा निवडा. ७ नोव्हेंबर १९४०, नॉर्थ डकोटातला एक डान्स हॉल, कडाक्याची थंडी, आणि जॅक टॉवर्स आणि डिक बरिस नावाचे दोन तरुण परवानगी काढून स्वतःचं डिस्क कापायचं मशिन घेऊन आले. विकायचा विचार नव्हता, आवड म्हणून आले होते. त्यामुळे त्यात कुणी काही दुरुस्त केलेलं नाही, रे नान्स बँडमध्ये नुकताच आलेला आहे, जिमी ब्लँटनचा बास आहे, बेन वेबस्टर टेनर सॅक्सोफोनवर 'स्टार डस्ट' वाजवतो. तबकडी बदलताना काही आयटम मध्येच तुटतात, ते तुटणं सोसून ऐका, आणि शक्यतो पहिल्या फेरीत चांगल्या हेडफोनवर, कारण लॅपटॉपच्या स्पीकरमधून ब्लँटनचा बास येणारच नाही.